घटक ६ : पात्रामागचा माणूस – ‘गुंड्याभाऊ’ आणि बाळ कर्वे

६.१ उद्दिष्टे

हा घटक अभ्यासल्यावर तुम्हाला –
• मुंबई दूरदर्शनच्या सुरुवातीच्या काळाचे स्वरूप थोडक्यात सांगता येईल.
• विनोदी कथेतील निवेदक पडद्यावर आल्यावर दुय्यम पात्राचे स्थान कसे बदलते, हे स्पष्ट करता येईल.
• विशेषनामाचे सामान्यनाम होण्याची प्रक्रिया उदाहरणांसह मांडता येईल.
• आपल्या परिसरातील प्रेक्षकांच्या आठवणी पद्धतशीरपणे नोंदवता येतील.

६.२ प्रास्ताविक

विद्यार्थी मित्रहो, मागील घटकात आपण माध्यमांतर या संकल्पनेचा परिचय करून घेतला. एका माध्यमातील कलाकृती दुसऱ्या माध्यमात जाते तेव्हा तिची भाषा, रचना आणि आस्वादाची रीत कशी बदलते, हे पाहिले. या घटकात त्याच प्रश्नाकडे आपण एका अभिनेत्याच्या कारकिर्दीतून पाहणार आहोत.

पुढे वाचण्यापूर्वी एक लहानसा प्रयोग करावा. घरातील किंवा शेजारातील साठीच्या पुढील एखाद्या व्यक्तीला विचारावे, ‘गुंड्याभाऊ कोण?’ बहुधा उत्तर चटकन मिळेल. कदाचित हसूही येईल. मग विचारावे, ‘दूरदर्शनवर ते काम कोणी केले होते?’ येथे पुष्कळ जण थबकतात. चिमणरावाचे काम करणारे दिलीप प्रभावळकर पुढे घराघरांत परिचित झाले. गुंड्याभाऊचे काम करणारे बाळ कर्वे हे नाव मात्र आठवावे लागते. पात्र लख्ख आठवते आणि माणूस आठवत नाही, असे का होते? या प्रश्नाचे उत्तर शोधणे, हा या घटकाचा विषय आहे.

६.३ विषय-विवेचन

६.३.१ दूरचित्रवाणी महाराष्ट्रात येते

भारतात दूरचित्रवाणीचे प्रायोगिक प्रक्षेपण १५ सप्टेंबर १९५९ रोजी दिल्लीत सुरू झाले. महाराष्ट्रात ती पोहोचण्यास आणखी तेरा वर्षे लागली. मुंबई केंद्राचे प्रक्षेपण २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले आणि पुढील वर्षी पुण्यातही ते दिसू लागले. त्या वेळी दूरचित्रवाणी आकाशवाणीचाच भाग होती. १९७६ मध्ये ती वेगळी होऊन ‘दूरदर्शन’ ही स्वतंत्र यंत्रणा झाली. चित्र कृष्णधवल होते, वाहिनी एकच होती आणि प्रक्षेपण प्रामुख्याने संध्याकाळचे होते. संच बाळगण्यासाठी रेडिओप्रमाणेच परवाना घ्यावा लागे. ‘आमची माती आमची माणसं’, ‘गजरा’, ‘ज्ञानदीप’ यांसारख्या कार्यक्रमांनी मराठी प्रेक्षकाला या नव्या माध्यमाची सवय लावली.

१९७२ हे साल बारामती आणि इंदापूर या तालुक्यांत मात्र वेगळ्याच कारणाने स्मरणात आहे. ते दुष्काळाचे साल होते. मुंबईत वरळीच्या केंद्रावरून पहिली चित्रे प्रक्षेपित होत होती, त्या सुमारास आमच्या भागातील माणसे दुष्काळी कामांवर खडी फोडत होती आणि मुलांच्या हातावर सुकडी पडत होती. एकाच राज्यातील हे दोन अनुभव शेजारी ठेवून पाहावेत. नवे माध्यम सर्वांपर्यंत एकाच वेळी पोहोचत नाही. आधी त्याची वार्ता पोहोचते, मग त्यातील पात्रांची नावे आणि शेवटी संच. हा क्रम पुढील विवेचनासाठी महत्त्वाचा आहे.

६.३.२ ‘मी’ बाजूला झाल्यावर

चि. वि. जोशी (१८९२–१९६३) हे बडोद्यास पाली भाषेचे प्राध्यापक होते. परंतु मराठी वाचकाला ते चिमणरावाचे जनक म्हणूनच ठाऊक आहेत. चिमणराव, त्याची पत्नी काऊ, मोरू, राघू आणि मैना ही मुले, आणि नात्यातला भाऊ गुंड्याभाऊ, असे हे मध्यमवर्गीय कुटुंब. या कथांतील बहुतेक हकिकती चिमणराव स्वतः सांगतो. तो भित्रा, सरळमार्गी आणि स्वतःची फजिती मोकळेपणाने मांडणारा आहे. गुंड्याभाऊ त्याच्या उलट : धट्टाकट्टा, रोखठोक, आधी कृती आणि मागाहून विचार करणारा.

येथे निवेदनाचा एक मुद्दा लक्षात घ्यावा. पुस्तकात गुंड्याभाऊ आपल्याला थेट भेटत नाही. चिमणरावाच्या ‘मी’मधून गाळून भेटतो. तो किती मोठ्याने बोलला, त्याने कसे पाहिले, हे आपण चिमणरावाच्या शब्दांतूनच जाणतो. दुय्यम पात्र दुय्यम राहते ते केवळ त्याचा वाटा लहान असतो म्हणून नव्हे, तर त्याच्याविषयी बोलण्याचा अधिकार दुसऱ्याकडे असतो म्हणून.

आता एक साधे वाक्य घेऊ : ‘मी आणखी उसने मागताच शेजाऱ्याने तोंड फिरवले.’ हे वाक्य ‘मी’चे आहे. त्यात शेजारी फक्त एका क्रियापदापुरता आहे. हेच पडद्यावर दाखवायचे झाले तर काय होईल? एक जण मागणी करील. कॅमेरा शेजाऱ्याच्या चेहऱ्यावर जाईल. तो क्षणभर थांबेल. नजर हळूच दाराकडे वळेल. मग तोंड फिरेल. लेखकाने दोन शब्दांत संपवलेली गोष्ट अभिनेत्याला काही सेकंद जगावी लागते. त्या सेकंदांत काय घडावे, हे मूळ वाक्यात लिहिलेले नसते. ते अभिनेत्याने भरायचे असते.

‘चिमणराव’ मालिकेत नेमके हेच घडले. सत्तरच्या दशकाच्या उत्तरार्धात मुंबई दूरदर्शनवर आलेल्या आणि विजया जोगळेकर-धुमाळे यांच्या नावाशी जोडल्या गेलेल्या या मालिकेने निवेदकाचा ‘मी’ बाजूला सारला. चिमणराव आणि गुंड्याभाऊ एकाच चौकटीत, समोरासमोर उभे राहिले. पुस्तकात ज्याच्याविषयी बोलले जात होते, तो आता स्वतः बोलू लागला. विनोद एकाच्या हकिकतीतून सुटून दोघांच्या जुगलबंदीत आला. त्या जुगलबंदीचे अर्धे ओझे बाळ कर्वे यांच्यावर होते.

ही जोडी पडद्यावर येण्याची ही पहिली वेळ नव्हती. १९४० मधील ‘लग्न पहावे करून’ या चित्रपटात दामूअण्णा मालवणकर आणि विष्णुपंत जोग यांनी याच भूमिका केल्या होत्या. फरक माध्यमाचा होता. चित्रपटासाठी प्रेक्षक घराबाहेर पडतो आणि पाहून परत येतो. मालिका घरात येते आणि पुन्हा पुन्हा येते. भागामागून भाग भेटणारे पात्र पाहुणा न राहता घरातले होते. हा आपलेपणा मालिकेचे बळ आहे. अभिनेत्याचे नाव झाकले जाते तेही त्यामुळेच. कारण घरच्या माणसाला आपण त्याच्या घरातल्या नावानेच ओळखतो.

स्वयं-अध्ययनासाठी प्रश्न – १
(अ) मुंबई केंद्राचे प्रक्षेपण केव्हा सुरू झाले?
(आ) पुस्तकातील गुंड्याभाऊ वाचकाला कोणाच्या दृष्टीतून दिसतो?
(इ) १९४० च्या चित्रपटात गुंड्याभाऊची भूमिका कोणी केली होती?

६.३.३ नोकरी, नाटक आणि छोटा पडदा

बाळ कर्वे यांचा जन्म २५ ऑगस्ट १९३० चा. ते अभियंता होते आणि मुंबई महानगरपालिकेत त्यांनी दीर्घकाळ नोकरी केली. रंगभूमीवर त्यांना विजया मेहता यांच्यासारख्या दिग्दर्शकांचे मार्गदर्शन लाभले. विलेपार्ले येथे बालनाट्याच्या चळवळीतही त्यांचा वाटा होता. गुंड्याभाऊ त्यांच्याकडे आला तेव्हा ते पंचेचाळिशी ओलांडलेले, नोकरी सांभाळून नाटक करणारे गृहस्थ होते.

तुमच्यापैकी बहुतेक जण नोकरी, शेती किंवा घर सांभाळून हा अभ्यासक्रम पूर्ण करीत आहात. म्हणून कारकीर्द या शब्दाचा अर्थ तुम्हाला वेगळा समजावून सांगण्याची गरज नाही. दिवसा एक काम आणि संध्याकाळी दुसरे, ही त्या पिढीतील अनेक मराठी नटांची रीत होती. एका मालिकेवर संसार चालेल, अशी त्या काळी स्थिती नव्हती. अशा माणसाची कारकीर्द केवळ भूमिकांच्या यादीवरून मोजली, तर ती लहान दिसते. त्या यादीमागे कार्यालय सुटल्यावरची तालीम, रजेचा अर्ज आणि शेवटची लोकल असते, हे ध्यानात घेतले तर तीच कारकीर्द मोठी दिसू लागते.

रंगमंचावरून छोट्या पडद्याकडे येणाऱ्या नटाला काही सवयी बदलाव्या लागत. नाट्यगृहात शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोहोचवावा लागतो. कलागारात ध्वनिग्राहक जवळ असतो. रंगमंचावर संपूर्ण देह बोलतो. लहान, कृष्णधवल पडद्यावर चेहरा बोलतो. गुंड्याभाऊसारखे दणकट पात्र उभे करताना ही अडचण अधिकच जाणवणार. दांडगाई दाखवायची, पण आरडाओरडा करायचा नाही. पात्र भडक हवे, पण अभिनय भडक नको. हा तोल साधला गेला म्हणूनच ते पात्र लोकांना घरचे वाटले. पुढे याच जोडीचा ‘चिमणराव गुंड्याभाऊ’ हा चित्रपटही १९७९ मध्ये आला. कर्वे यांनी त्यानंतरही ‘कुसुम मनोहर लेले’, ‘आई रिटायर होतेय’ यांसारख्या नाटकांतून कामे केली. तरीही लोकांच्या तोंडी एकच नाव राहिले.

६.३.४ नाव जाते कोठे?

या घटनेचा भाषिक अंगानेही विचार करावयास हवा. मराठीत काही विशेषनामे कालांतराने सामान्यनामांसारखी वापरली जातात. फार झोपणाऱ्याला आपण कुंभकर्ण म्हणतो, कळ लावणाऱ्याला नारद म्हणतो. राम गणेश गडकरी यांच्या ‘एकच प्याला’ नाटकातील तळीराम हे नाव तर मद्यप्याला पर्यायच झाले. ज्यांनी ते नाटक कधी पाहिले वा वाचले नाही, तेही तो शब्द सहज वापरतात. या प्रक्रियेला आपण विशेषनामाचे सामान्यीकरण म्हणू.

सामान्यीकरणात शब्द काही मिळवतो आणि काही गमावतो. तो मिळवतो वापराची व्यापकता. गमावतो मूळ संदर्भ. तळीरामाची भूमिका पहिल्यांदा कोणी केली, हे तो शब्द वापरणाऱ्याला ठाऊक असण्याची गरज उरत नाही. गुंड्याभाऊचे तेच झाले. आमच्या लहानपणी वर्गातील आडदांड मुलाला ‘गुंड्याभाऊ’ म्हणत, आणि अशी हाक मारणाऱ्या निम्म्या मुलांनी तोपर्यंत संच पाहिलेलाही नव्हता. नाव लोकांचे झाले, की ते एका माणसाचे राहत नाही. अभिनेत्याच्या यशाची ही खूण आहे आणि त्याच्या विस्मरणाचे कारणही आहे. ‘अल्पपरिचित अभिनेता’ हे विशेषण वापरताना म्हणूनच सावध असावे. येथे परिचय अल्प नाही. तो दुसऱ्याच नावाने झालेला आहे.

६.३.५ पुसलेल्या फिती आणि आठवणींची नोंद

सुरुवातीच्या दूरचित्रवाणीच्या अभ्यासकाला एक मोठी अडचण येते. पुस्तक ग्रंथालयात मिळते. मालिका मिळेलच असे नाही. त्या काळी चित्रफिती महाग होत्या. एक कार्यक्रम प्रक्षेपित झाला की त्याच फितीवर दुसरा मुद्रित करण्याची रीत होती. त्यामुळे अनेक कार्यक्रम कायमचे गेले. अभिनेत्याचे काम ज्या वस्तूवर उमटले होते, ती वस्तूच उरली नाही. उरली ती पाहणाऱ्यांची स्मृती.

या संदर्भात मला स्वतःची एक चूक सांगितली पाहिजे. मी इंदापूर तालुक्यात वाढलो. आमच्या गावात संच नव्हता. सुट्टीत पुण्याला मामांच्या वाड्यात गेलो असता एका बिऱ्हाडात दाटीवाटीने बसून मी ‘चिमणराव’ पाहिला आणि गावी परतल्यावर पारावर तो सोबत्यांना जसाच्या तसा करून दाखवला. त्यांना गुंड्याभाऊ प्रथम भेटला तो माझ्या बारीक आवाजात. पुढे नव्वदच्या दशकात पीएच.डी.साठी मी बारामती-इंदापूर परिसरातील बोलीचे नमुने ध्वनिमुद्रित करीत हिंडत होतो. भिगवणजवळच्या एका गावात एक वृद्ध गृहस्थ पेरणीच्या अवजारांची नावे सांगता सांगता भलतीकडे वळले. धरणाचे पाणी आले, घर सोडले, नव्या गावठाणात चावडीपाशी पहिला टीव्ही कसा आला, कोण कोठे बसे, पडद्यावरील माणसांना बायका कशी उत्तरे देत, हे ते रंगून सांगू लागले. मला हवी होती कृषिविषयक शब्दावली. हे विषयांतर आहे असे ठरवून मी यंत्र बंद केले. त्या संध्याकाळी कॅसेट कमी पडली, तेव्हा आधी झालेल्या भागावरच पुन्हा मुद्रण केले.

ते गृहस्थ आज नाहीत. ज्या रीतीला आपण दोष देतो, तीच मी माझ्या हाताने पाळली होती. फीत महाग होती आणि पुढचे काम अधिक महत्त्वाचे वाटत होते. २८ ऑगस्ट २०२५ रोजी, वयाची पंचाण्णव वर्षे पूर्ण झाल्यावर तीनच दिवसांनी, बाळ कर्वे यांचे निधन झाले. ती बातमी वाचताना मला प्रथम आठवली ती पुसलेली कॅसेट. अभिनेते गेले, आणि त्यांना पाहणारी पिढीही आता ऐंशीच्या घरात आहे. म्हणून या घटकातील उपक्रम केवळ गुणांसाठी ठेवलेला नाही.

आठवणी नोंदवताना पुढील बाबी ध्यानात ठेवाव्यात.

पहिली बाब प्रश्नांची. ‘तुम्ही चिमणराव पाहिला होता का?’ असे विचारल्यास उत्तर ‘हो’ किंवा ‘नाही’ येते आणि संभाषण संपते. ‘पहिला टीव्ही कोणाच्या घरी पाहिला? तेथे तुम्ही कोठे बसत होता?’ असे विचारावे. जागा आठवली की माणसे आठवतात, आणि माणसे आठवली की कार्यक्रम आठवतो.

दुसरी बाब कालनिश्चितीची. खेड्यातील वयस्क माणूस इसवी सन क्वचित सांगतो. तो ‘बहात्तरच्या दुष्काळानंतर’, ‘उजनीचं पाणी आलं त्या साली’ असे सांगतो. ही सैल भाषा नव्हे. ही कालगणनाच आहे. उजनी धरणाच्या जलाशयामुळे सत्तरच्या दशकाच्या अखेरीस इंदापूर तालुक्यातील भीमाकाठची गावे हलली. संच नव्या गावठाणात पाहिला की जुन्या घरी, एवढे विचारले तरी काळ बराचसा निश्चित होतो.

तिसरी बाब पडताळणीची. स्मृती वेगवेगळ्या गोष्टी एकत्र करते. एखादा सांगेल, ‘गुंड्याभाऊचा रंगीत कार्यक्रम मी तेव्हाच पाहिला.’ भारतात रंगीत प्रक्षेपण १९८२ मध्ये, दिल्लीतील आशियाई क्रीडास्पर्धांच्या वर्षी सुरू झाले. मालिका त्यापूर्वीची आहे. येथे सांगणारा खोटे बोलत नसतो. चित्रपट, मालिका आणि नंतरचे एखादे दृश्य त्याच्या मनात एकमेकांत मिसळलेले असते. त्याला खोडून काढू नये. जे सांगितले ते तसेच लिहावे आणि आपले मत वेगळ्या रकान्यात नोंदवावे.

चौथी बाब भाषेची. सांगणारा ‘आमी टीवी बगाया जायाचो’ म्हणाला, तर ‘आम्ही दूरचित्रवाणी पाहण्यास जात असू’ असे लिहू नये. प्रमाणभाषेत उतरवताच त्या आठवणीतील माणूस निघून जातो. आपण ज्या कारणासाठी नोंद करीत आहोत, तेच त्यामुळे हातचे जाते.

उन्हाळ्यात उजनीचे पाणी फार ओसरले की इंदापूर तालुक्यातील पळसदेवचे जुने मंदिर उघडे पडते. तेव्हा लोक चिखल तुडवत ते पाहायला जातात. पाऊस आला की ते पुन्हा पाण्याखाली जाते. मंदिर पुन्हा दिसेल, याची खात्री असते. माणसाच्या स्मृतीबाबत अशी खात्री नसते.

स्वयं-अध्ययनासाठी प्रश्न – २
(अ) विशेषनामाच्या सामान्यीकरणाची दोन उदाहरणे द्या.
(आ) सुरुवातीचे अनेक दूरचित्रवाणी कार्यक्रम आज उपलब्ध का नाहीत?
(इ) ‘रंगीत मालिका पाहिली’ या आठवणीची पडताळणी कशी कराल?

६.४ सारांश

मुंबई दूरदर्शनच्या पहिल्या दशकात ‘चिमणराव’ मालिकेने चि. वि. जोशी यांची पात्रे घराघरांत नेली. निवेदकाचा ‘मी’ बाजूला झाल्यामुळे गुंड्याभाऊ हे पात्र चिमणरावाच्या बरोबरीने उभे राहिले आणि ते उभे करण्याची जबाबदारी बाळ कर्वे यांनी, नोकरी आणि रंगभूमी सांभाळून, पार पाडली. पात्राचे नाव लोकभाषेत रुळले तसे अभिनेत्याचे नाव मागे पडले. चित्रफिती टिकल्या नाहीत, तेथे प्रेक्षकांची स्मृती हाच पुरावा असतो. तो पुरावा वेळेत, बोलणाऱ्याच्याच शब्दांत नोंदवणे हे भाषेच्या अभ्यासकाचे काम आहे.

६.५ पारिभाषिक शब्द

माध्यमांतर : एका माध्यमातील कलाकृती दुसऱ्या माध्यमात नेणे.
निवेदक : कथा सांगणारा, कथेतील ‘मी’.
कलागार : कार्यक्रमाच्या चित्रणासाठी सज्ज केलेली जागा, स्टुडिओ.
सामान्यीकरण : विशिष्ट अर्थाचा शब्द व्यापक अर्थाने वापरला जाणे.

६.६ स्वयं-अध्ययनासाठी प्रश्नांची उत्तरे

प्रश्न १ : (अ) २ ऑक्टोबर १९७२ रोजी. (आ) निवेदक चिमणरावाच्या. (इ) विष्णुपंत जोग यांनी.
प्रश्न २ : (अ) कुंभकर्ण, तळीराम. (आ) चित्रफिती महाग असल्याने त्यांवर पुन्हा दुसरे कार्यक्रम मुद्रित केले जात. (इ) रंगीत प्रक्षेपण १९८२ मध्ये सुरू झाले आणि मालिका त्यापूर्वीची आहे, हे ताडून. मूळ विधान मात्र आहे तसे नोंदवून.

६.७ स्वाध्याय आणि उपक्रम

१. ‘दुय्यम पात्र दुय्यम राहते, कारण त्याच्याविषयी बोलण्याचा अधिकार दुसऱ्याकडे असतो.’ तुम्ही वाचलेल्या कोणत्याही प्रथमपुरुषी कथेच्या आधारे हे विधान तपासा.
२. तुमच्या बोलीत सामान्यनामासारखी वापरली जाणारी पाच विशेषनामे शोधून त्यांचे मूळ संदर्भ लिहा.
३. उपक्रम : तुमच्या गावातील सत्तरीच्या पुढील एका व्यक्तीची, तिची संमती घेऊन, पहिल्या टीव्हीविषयीची अर्ध्या तासाची आठवण नोंदवा. बोलणे विषय सोडून जाऊ लागले, तर यंत्र बंद करू नका.